शनिवारवाड्यातली औटघटकेची चित्रशाळा

नाना फडणवीस दिसायला कसे होते, हे आपल्याला ठाऊक आहे ते एका स्कॉटिश माणसामुळे. उंच, शिडशिडीत अंग, लांबट ओढलेला चेहरा, डोक्यावर पगडी, पांढराशुभ्र अंगरखा. इतिहासाच्या पुस्तकातून माणदेशातल्या शाळांपर्यंत पोचलेला हा चेहरा मुळात उतरवला तो जेम्स वेल्स नावाच्या चित्रकाराने. स्कॉटलंडच्या ईशान्य किनाऱ्यावर पीटरहेड म्हणून मासेमारीचं गाव आहे. वेल्स तिथला, जन्म 1747. पानिपताच्या वेळी हा मुलगा चौदा वर्षांचा असेल. पुणं कुठे आहे हेही त्याला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं.

तो इथवर आला कसा, हे कळायला त्या काळच्या लंडनचा चित्रांचा बाजार बघावा लागतो. 1768 मध्ये तिथे रॉयल अकादमी निघाली आणि सर जोशुआ रेनॉल्ड्स तिचा पहिला अध्यक्ष झाला. रेनॉल्ड्स, गेन्सबरो, रॉमनी ही मंडळी म्हणजे बड्या घरांची ठरलेली गिऱ्हाइकी. सरदाराच्या बायकोचं चित्र, लेकराचं चित्र, शिकारी कुत्र्याचंही चित्र, सगळं यांच्याकडे. बाकीच्यांनी उरलंसुरलं वेचायचं. वेल्स ॲबर्डीनला शिकलेला, चित्रकला मात्र बरीचशी स्वतःच्या हिमतीवर साधलेली. लंडनच्या प्रदर्शनांत त्याची चित्रं लागली, पण नाव झालं नाही. चाळिशी उलटली, घरात पोरी वाढत होत्या.

त्या वेळी कर्जबाजारी किंवा मागे पडलेल्या चित्रकाराला एक वाट उघडी होती, ती हिंदुस्थानची. टिली केटल 1769 मध्ये मद्रासला उतरला आणि नबाबांची चित्रं काढून पैसा गाठीला बांधून परतला. त्याच्यामागून योहान झोफनी आला. हा जर्मनीत जन्मलेला, इंग्लंडच्या राजाराणीची चित्रं काढलेला, पण पुढे राजवाड्याची मर्जी गमावून बसलेला. 1783 मध्ये तो कलकत्त्याला आला. लखनौला असफ-उद्-दौल्याच्या दरबारात त्याने कोंबड्यांच्या झुंजीचं गर्दीने खचाखच भरलेलं चित्र रंगवलं आणि 1789 मध्ये धनवान होऊन लंडनला परतला. अशा बातम्या स्टुडिओ-स्टुडिओत फिरत. कंपनी सरकारचा परवाना मिळवायचा, सहा महिने जहाजात काढायचे आणि जुलाबाने किंवा तापाने मेलो नाही तर श्रीमंत व्हायचं, असा तो सरळ हिशेब होता. वेल्सने परवाना काढला आणि 1791 च्या पावसाळ्यात तो मुंबईला उतरला. वय चव्वेचाळीस.

मुंबईत तेव्हा फार काही नव्हतं. कलकत्ता, मद्रास ही कंपनीची थोरली शहरं. मुंबई म्हणजे एक किल्ला, एक बंदर आणि पारशी-इंग्रज व्यापाऱ्यांची वस्ती. चित्रं काढून घेणारे मोजकेच. पण वेल्सच्या नशिबाने पुण्यात चार्ल्स वॉर मॅलेट हा इंग्रजांचा वकील होता. 1786 पासून तो पेशव्यांच्या दरबारी होता. मुळा-मुठेच्या संगमावर त्याचं बिऱ्हाड. मॅलेट हुशार, हौशी आणि स्वतःच्या कामगिरीवर खूश असलेला माणूस. 1790 मध्ये टिपूविरुद्ध इंग्रज, पेशवे आणि निजाम असा तिहेरी तह घडवून आणला तो त्यानेच. त्याबद्दल त्याला ‘सर’की मिळाली. आता त्या तहाचा दरबार भल्यामोठ्या तैलचित्रात उतरवून घ्यावा, ही त्याची इच्छा. त्यासाठी जवळपास मिळण्यासारखा तैलचित्रकार एकच होता.

1792 मध्ये वेल्स पुण्याला पोचला. पेशवे सवाई माधवराव अठरा वर्षांचे होते. कारभार नानांच्या हाती, आणि त्याच सुमारास उत्तरेतून महादजी शिंदे फौजफाटा घेऊन आलेले. म्हणजे मराठी राज्यातली तिन्ही मोठी माणसं पुण्यात एकाच वेळी होती. वेल्सने तिघांचीही चित्रं काढली. त्यातल्या पेशवे आणि नाना एकत्र असलेल्या चित्रात गादीवर तरुण पेशवा, अंगावर तलम पांढरं वस्त्र, गळ्यात मोत्यांचे सर. शेजारी नाना, दागिन्यांच्या बाबतीत अगदी साधे, आणि मागे अदबीने उभे सेवक. हे चित्र आज लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीत आहे. मला त्यात सर्वांत बोलकं वाटतं ते वयांतलं अंतर. पेशव्याचे गाल अजून पोरसवदा गुबगुबीत आहेत, नानांचे आत ओढलेले. पन्नाशीचा कारभारी आणि अठराचा धनी. कोण कोणाच्या तंत्राने चालतं, हे रंगांनीच सांगून टाकलंय.

नाना चित्राला बसले कसे, याचं मला नवल वाटतं. हा माणूस इंग्रजांना पुरता ओळखून होता. वकिलाच्या हालचालींवर त्याची नजर असे, कोण कोणाला भेटलं याची बातमी रोज वाड्यात पोचत असे. पण इथे वेल्ससमोर तो तासन् तास बसला. तोवर आपल्याकडच्या चित्रांत माणूस बहुतेक एकचष्मी दिसायचा: एका बाजूचा चेहरा, एक डोळा, सपाट रंग, कडेने बारीक रेघ. वाईजवळच्या मेणवलीत नानांचा स्वतःचा वाडा आहे, त्याच्या भिंतींवरची चित्रं पाहिली की ती शैली कळते. गणपती, कृष्ण, रामायण. देखणी, ठसठशीत, पण नाकाच्या एका बाजूला सावली पडते ही गोष्ट त्या चिताऱ्यांनी मनावर घेतलेली नाही. वेल्सचा सगळा खटाटोप त्या सावलीसाठी होता.

मेणवलीचा विषय निघालाच आहे तर थोडं आडवळण घेतो. हे गाव नानांना 1768 मध्ये मिळालं, ते देणाऱ्यांत औंधचे भवानराव पंतप्रतिनिधी होते. कृष्णेच्या घाटावर नानांनी देऊळ बांधलं, तिथे एक मोठी घंटा टांगलेली आहे. ती मुळात चर्चची. चिमाजी अप्पांनी 1739 मध्ये वसई घेतली तेव्हा लुटीत आली, तिच्यावर 1707 साल आहे. म्हणजे युरोपातली ओतकाम केलेली वस्तू नानांच्या दारात आधीच वाजत होती. पण वस्तू आणणं वेगळं, विद्या आणणं वेगळं.

विद्या आणायचा प्रयत्नही झाला, आणि माझ्या मते या सगळ्या हकीकतीतला खरा ऐवज तोच आहे. तरुण पेशव्याला चित्रांची गोडी लागली. मॅलेटलाही हाताखाली काम करणारे एतद्देशीय चित्रकार हवेच होते. या दोघांच्या मनाने शनिवारवाड्यातच चित्रशाळा निघाली. शिकवणारा वेल्स. त्याला मदतीला रॉबर्ट मॅबन नावाचा एक इंग्रज. आणि शिकणाऱ्यांतला अव्वल होता गंगाराम चिंतामण नवगिरे, तांबट.

गंगाराम तांबट वेल्स येण्याआधीच मॅलेटसाठी चित्रं काढत होता. पर्वतीच्या पायथ्याशी पेशव्यांचा शिकारखाना होता: सिंह, वाघ, हरणं. तिथल्या गेंड्याचं गंगारामने काढलेलं चित्र आहे, ते पाहिलं की हा कारागीर किती बारकाईने बघायचा हे कळतं. गेंड्याची कातडी चिलखतासारखी पट्ट्यापट्ट्यांची असते. गंगारामने त्या पट्ट्या, त्यांच्या घड्या, पायाच्या सांध्याशी पडणाऱ्या वळ्या रेघांनी मोजून घेतल्यात. तालमीतले पैलवान, जोर काढणारी माणसं, हेही त्याने रेखाटलं. वेल्सकडून त्याने लांबच्या वस्तू लहान आणि जवळच्या मोठ्या कशा दाखवायच्या, खांबांची रांग दूर जाताना कशी आक्रसत जाते, हे यथार्थदर्शन शिकून घेतलं. मग तो कार्ल्याच्या चैत्यात जाऊन बसला.

लेणी ही त्या काळातल्या युरोपियनांची नवी ओढ होती. 1793 च्या मार्चमध्ये थॉमस डॅनियल आणि त्याचा पुतण्या विल्यम मुंबईला पोचले. या काका-पुतण्यांनी सात वर्षांत गंगाकाठ, गढवालचे डोंगर आणि म्हैसूर-मद्रासचा मुलूख पालथा घातला होता. पुढे इंग्लंडात त्यांनी 144 चित्रांचा जो संग्रह छापला, त्याने इंग्रजांच्या डोळ्यांत हिंदुस्थान कसा दिसायचा ते पन्नास वर्षांसाठी ठरवून टाकलं. मुंबईत त्यांना लेणी दाखवायला वाटाड्या लाभला तो वेल्स. घारापुरी, जोगेश्वरी, कान्हेरी, कार्ले. डॅनियल निघून गेले, वेल्सच्या मागे मात्र लेण्यांचं वेड लागलं ते लागलंच. मॅलेट आणि गंगाराम वेरूळला जाऊन आले. मॅलेटने 1794 च्या अखेरीस वेरूळवर लेख लिहून बंगालच्या एशियाटिक सोसायटीकडे धाडला, त्याला गंगारामची चित्रं होती. 1795 मध्ये वेल्स स्वतः वेरूळला गेला.

1795 हे साल सुरुवातीला सगळ्यांनाच शुभ वाटलं. मार्चमध्ये खर्ड्याला निजामाचा पाडाव झाला, पुण्यात विजयाची मिरवणूक निघाली. नानांची सत्ता इतकी भक्कम पूर्वी कधी नव्हती. पण ऑक्टोबरच्या 25 तारखेला सवाई माधवराव शनिवारवाड्याच्या गच्चीवरून खाली पडले, दोन दिवसांनी गेले. वय एकवीस. पडले की उडी टाकली, यावर मराठी इतिहासकार अजून भांडतात. त्या भांडणात मी पडत नाही. तिकडे वेल्स साष्टीतल्या लेण्यांची चित्रं काढत होता. त्याची बायको त्याच वर्षी वारली होती. लेण्यांच्या रानात त्याला ताप भरला आणि नोव्हेंबरात ठाण्याला तो गेला. धनी गेला, पाठोपाठ महिन्याभरात त्याचा चित्रकार गेला. शनिवारवाड्यातल्या शाळेला ना आश्रयदाता उरला, ना गुरुजी.

पुढचं पुणं चित्रांना जागा देणारं नव्हतं. गादीवर कोण, या खेळात वर्ष गेलं. दुसरा बाजीराव आला. 1797 च्या शेवटी दौलतराव शिंद्यांच्या मायकेल फिलोज नावाच्या कप्तानाने दगा करून नानांना पकडलं. सुटले तेव्हा ते थकलेले होते, आणि 1800 च्या मार्चमध्ये गेले. मॅलेट त्याआधीच पुणं सोडून गेला होता. जाताना त्याने वेल्सची सगळी कच्ची चित्रं, कागद, रोजनिशा आणि गंगारामची चित्रं गोळा करून बरोबर नेली. वेल्सच्या पोरक्या मुलींचीही त्याने सोय लावली. इतकी की 1799 मध्ये त्यातल्या थोरल्या सुझॅनाशी त्याने इंग्लंडात लग्न केलं. पुण्यात असताना त्याच्या घरात अंबर कौर नावाची बाई होती, तिची मुलंही होती. वेल्सने तिचंही चित्र काढलं आहे. त्या काळच्या इंग्रज साहेबांची हीच रीत. चित्रकाराने आधी जिचं चित्र काढलं, तिच्या जागी पुढे चित्रकाराचीच मुलगी आली, हा योगायोग कादंबरीत घातला तर वाचक नाक मुरडेल.

मॅलेटचं दरबाराचं चित्र अजून राहिलंच होतं. ते त्याने थॉमस डॅनियलला सांगितलं. वेल्सची चेहऱ्यांची टिपणं समोर ठेवून डॅनियलने ते पुरं केलं, आणि 1805 मध्ये ते रॉयल अकादमीत लागलं. रंगमहालातला भरलेला दरबार: गादीवर पेशवे, समोर मॅलेट, सगळीकडे पगड्याच पगड्या. आज ते लंडनच्या टेट संग्रहालयात आहे. आता गंमत पाहा. 1790 च्या त्या दरबारात डॅनियल नव्हता, तो तेव्हा उत्तर हिंदुस्थानात भटकत होता. वेल्सही नव्हता, तो त्या वेळी लंडनलाच होता. म्हणजे न पाहिलेल्या दरबाराचं चित्र न पाहिलेल्या माणसाच्या टिपणांवरून तिसऱ्याच्या आठवणींवर रंगवलेलं. तरीही आपल्याला त्याची किंमत आहे, कारण 1828 मध्ये शनिवारवाडा जळाला आणि आतला एकही महाल उरला नाही. त्या महालांच्या आतलं जग कसं होतं याची कल्पना द्यायला हे एक चित्र आहे.

वेरूळचं पुस्तक 1803 मध्ये लंडनला निघालं. चोवीस चित्रं. मुखपृष्ठावर चित्रं वेल्सची, छपाईचं कोरीव काम डॅनियलच्या देखरेखीखालचं, असं ठळक छापलंय. गंगाराम तांबटाचं नाव तिथे नाही. वेरूळचे डोंगर त्याने वेल्सच्या आधी उतरवले होते, पण लंडनच्या गिऱ्हाइकाला तांबट कशाला हवा होता? त्याची चित्रं मॅलेटच्या वंशजांकडे पेट्यांत पडून राहिली. विसाव्या शतकात पॉल मेलन या अमेरिकन धनिकाने उभारलेल्या येल विद्यापीठाच्या ब्रिटिश कला केंद्रात ती पोचली. न्यू हेवन नावाच्या गावात. 2011 मध्ये तिथे त्यांचं प्रदर्शन भरलं आणि 2022 मध्ये हॉली शॅफर या अमेरिकन विदुषीचं पश्चिम हिंदुस्थानातल्या या देवाणघेवाणीवरचं पुस्तक निघालं. पुण्याच्या तांबट आळीला हे कळायला सव्वादोनशे वर्षं लागली.

सातारकर म्हणून एक गोष्ट मला खटकते. वेल्सने पेशवा रंगवला, कारभारी रंगवला, पाटीलबावा महादजी रंगवला. ज्यांच्या नावाने हे सगळं राज्य चालत होतं, ते छत्रपती दुसरे शाहू साताऱ्याच्या किल्ल्यावर जवळजवळ नजरकैदेत होते. वेल्सच्या कुंचल्याची वाट पुण्याच्या पुढे साताऱ्याकडे वळली नाही. ती वळवायला कोणी सांगितलंही नसेल. तैलचित्र हे तेव्हा सत्तेचं माप होतं, आणि माप तिथेच लावायचं जिथे धान्य आहे.

शनिवारवाड्याच्या शाळेनंतर मराठी मुलखात युरोपियन पद्धतीचं शिक्षण पुन्हा मिळायला लागलं ते मुंबईला, सर जे. जे. स्कूल ऑफ आर्ट 1857 मध्ये निघालं तेव्हा. मधली साठ वर्षं फुकट गेली. हिंदुस्थानात ज्या चित्रकाराने ही विद्या घरोघरी नेली, त्या रविवर्म्याला तर ती चोरून घ्यावी लागली. 1868 मध्ये तिरुवनंतपुरमच्या दरबारात थिओडोर जेन्सन नावाचा युरोपियन चित्रकार आला. त्याने शिकवलं नाही. काम करताना बघू देत असे, इतकंच. वेल्सने गंगारामला समोर बसवून शिकवलं होतं, हे इथे त्याच्या पदरात घालायला हवं.

म्हसवडहून गोंदवले, दहिवडी, वडूज करत औंधला गेलं की या गोष्टीचा दुसरा अंक सापडतो. 1909 मध्ये औंध संस्थानाच्या गादीवर बाळासाहेब पंतप्रतिनिधी बसले. मेणवली देणाऱ्या पंतांचंच नाव यांचंही, भवानराव. सूर्यनमस्कारांचा प्रचार करणारा राजा म्हणून लोक त्यांना ओळखतात, पण ते स्वतः चित्रकार होते. 1916 मध्ये त्यांनी रामायणाची स्वतः काढलेली चित्रं छापली. इथे राजा चित्रकारासमोर बसत नाही, स्वतःच कुंचला धरतो. रविवर्म्याची ‘सैरंध्री’, धुरंधरांची चित्रं, बाबूराव पेंटरांचं काम, हे सगळं त्यांनी जमवलं आणि 1938 मध्ये मूळपीठाच्या डोंगरावर त्यासाठी संग्रहालय उभं केलं. त्यात हेन्री मूर या इंग्रज शिल्पकाराचं ‘माता आणि मूल’ हे दगडी शिल्पही आहे. मूर पुढे विसाव्या शतकातला फार मोठा शिल्पकार ठरला. त्याचं काम बघायला माणसं लंडन, न्यूयॉर्कला तिकीट काढून जातात. आपल्याकडे ते खटाव तालुक्याच्या डोंगरावर आहे, आणि शनिवारी-रविवारी आलेली सहल यमाईचं दर्शन घेऊन त्याच्यासमोरून सरळ निघून जाते.

बाळासाहेबांनी औंधला पंडित श्रीपाद दामोदर सातवळेकरांना आणून वसवलं. पंडितजी वेदांचे भाष्यकार म्हणून प्रसिद्ध, पण मुळात जे. जे.त शिकलेले चित्रकार. हैदराबाद आणि लाहोरला त्यांनी चित्रांवर पोट भरलं होतं. त्यांचा मुलगा माधव औंधला लहानाचा मोठा झाला. दुसरं महायुद्ध पेटण्याच्या आधीच्या दोनतीन वर्षांत तो युरोपात गेला आणि फ्लॉरेन्स, लंडनचं स्लेड स्कूल आणि पॅरिस अशा तिन्ही ठिकाणी शिकला. गंगारामला जे गुरू पुण्यात भेटले आणि तीन वर्षांत हरवले, ते या पोराने त्यांच्या घरी जाऊन गाठले. परतल्यावर त्याने मुंबईत स्वतःची चित्रशाळा काढली. 1969 मध्ये माधव सातवळेकर महाराष्ट्राचे कलासंचालक झाले, आणि जे. जे.सकट राज्यातलं सरकारी कलाशिक्षण पुढची सहा वर्षं औंधात वाढलेल्या या माणसाच्या सहीने चाललं.